बाटली डाव्या काखेत होती

अच्युतने मोबाइल माझ्या नाकासमोर धरला आणि म्हणाला, "बघ दिग्या, तुझ्या पोरीने काय दिवे लावलेत ते."

मी चष्मा चढवला. पडद्यावर एक माणूस स्कूटर चालवत होता. मिशी रंगवलेली, अंगात कारखान्याचा निळा शर्ट, आणि उजवा दंड अंगाशी असा दाबून धरलेला, जसं काखेत गळू झालंय. मागे बसलेला त्याचा दोस्त ओरडत होता, "गरम रख, भाऊराव, गरम रख! ठंडी हो गई तो सब मर जाएँगे बेचारे!" पुढे पोलिसाने स्कूटर अडवली. काखेतून छोटी बाटली निघाली. पोलिसाने झाकण उघडून वास घेतला आणि विचारलं, "कौन-सी है? देसी?" भाऊराव हात जोडून म्हणाला, "घर की है साहब. पर अपने घर की नहीं."

मग सिनेमाचं नाव आलं, 'दो चम्मच सुबह-शाम'. आणि त्याखाली माझ्या मुलीचं नाव.

मी हसलो नाही. अच्युतही हसला नाही. त्या बाटलीत काय होतं आणि ते कोणाचं होतं, हे भोपाळात दोनच माणसांना माहीत आहे असं मी अडतीस वर्षं धरून चाललो होतो. ती दोन माणसं त्या वेळी सोनागिरीत माझ्या घरासमोरच्या पायरीवर बसून एकमेकांकडे बघत होती.

"तू सांगितलंस?" मी विचारलं.

"मी? मला वेड लागलंय? मराठी मंडळाचा अध्यक्ष आहे मी. नातवंडं आहेत मला."

"मग तिला कसं कळलं?"

"ते तू तुझ्या पोरीला विचार." त्याने खिशातून घडी केलेला कागद काढला. "रविवारी सकाळी अकराला मंडळाच्या हॉलमध्ये दाखवणार आहेत हे. आपली मुलगी, आपली मुलगी करून कमिटीच्या पोरांनी ठरवूनही टाकलं. मी विरोध लिहिलाय. मराठी माणसाची बदनामी, अश्लील संवाद, आयाबहिणींसमोर दाखवण्यालायक नाही. बारा सह्या झाल्यात. बापाची सही पडली की मिटलं."

मी कागद घेतला. तो गेला. मी आत गेलो आणि स्वयंपाकघराच्या दारात उभा राहून ओरडलो. काय ओरडलो ते आता लिहीत नाही. शेजारच्या घरातला टीव्हीचा आवाज बारीक झाला, एवढं सांगतो.

शोभा मेथी निवडत होती. ओरडून माझा श्वास संपेपर्यंत ती निवडत राहिली. मग म्हणाली, "जुईला मी सांगितलं."

"आणि तुला कोणी सांगितलं?"

"सुचेताने."

सुचेता म्हणजे अच्युतची बायको. जाऊन नऊ वर्षं झाली.

"कधी?"

"एक्याण्णवच्या संक्रांतीला. हळदीकुंकवाला आली होती. जुई वर्षाची पण नव्हती तेव्हा. वाण घेतलं, आणि माझा हात धरून बाथरूमजवळ नेलं मला. म्हणाली, शोभाताई, आमचे हे भांडण झालं की दर वेळी मला ऐकवतात, माझा माल सरकारी दवाखान्यात पास झालेला आहे, दिग्याच्या नावावर. मला तुमच्या तोंडाकडे बघवत नाही, म्हणाली. रडली बिचारी. मी रडले नाही."

मी दाराची चौकट धरली. एक्याण्णव. म्हणजे तेहतीस वर्षं ही बाई हे पोटात ठेवून माझ्या ताटात पोळी वाढत होती. मला लाज वाटायला हवी होती. मला राग आला. हे जसं झालं तसंच लिहितो. मला तिचाच राग आला, की तिने मला तेहतीस वर्षं फसवलं.

"बोलली का नाहीस?"

"तुम्ही बोलाल म्हणून वाट बघितली." तिने मेथीचे देठ वर्तमानपत्रात गुंडाळले. "आधी वाटलं, जुई चालायला लागली की बोलतील. मग वाटलं, रिटायर झाले की बोलतील. मागच्या वर्षी तुमचं प्रोस्टेटचं ऑपरेशन झालं, नळी लावून पडला होतात, तेव्हा वाटलं, आता तरी. तुम्ही म्हणालात, पंखा वाढव."

ती उठली, हात धुतले, आतल्या खोलीतून पिशवी घेऊन आली. दोन लुगडी, औषधाचा डबा, चष्म्याचं घर.

"मी जुईकडे जातेय. रविवारी तुम्ही हॉलवर या आणि तो सिनेमा शेवटपर्यंत बसून बघा. बघितलात तर मी तुमच्याबरोबर घरी येईन. त्या अच्युतच्या कागदावर सही करून पाठवलीत, तर मी तिकडेच राहीन. बहात्तर वर्षांच्या माणसाला डाळ लावता येत नसेल तर त्याने शिकावी."

सत्तेचाळीस वर्षांच्या संसारात ती माझ्याशी इतकं सलग कधी बोलली नव्हती.

आता ती बाटली काय होती ते सांगतो.

मी मूळचा वर्धेकडचा. विसाव्या वर्षी मामाच्या ओळखीने भोपाळला आलो आणि कारखान्यात खलाशी म्हणून लागलो. खलाशी म्हणजे क्रेनच्या हुकाला वजन बांधणारा माणूस. अंगठ्यावर पगार घ्यायचो. लग्न झालं. शोभा मॅट्रिक, मला स्वतःचं नाव लिहिता येत नव्हतं. नऊ वर्षं झाली तरी मूल नाही. डिपार्टमेंटमध्ये माझ्यावर एक ठरलेला विनोद होता. मी हुक बांधून हात वर केला की कोणीतरी ओरडायचं, "दिगंबर की क्रेन तो उठती नहीं, चल मेरी वाली लगा!" मग सगळी शेड हसायची. मीही हसायचो. नाही हसलो तर खरं ठरलं असतं.

शहाऐंशी साली डॉक्टरीणबाईंनी शोभाला तपासलं आणि म्हणाल्या, आधी नवऱ्याची तपासणी. चिठ्ठी माझ्या हातात दिली. मला ती वाचता येईना. शोभाला वाचायला द्यायची लाज वाटली, म्हणून अच्युतकडे नेली. तो स्टोअरमध्ये क्लार्क होता, चार पोरांचा बाप. त्याने वाचली आणि खो खो हसला. काय द्यायचं, कशात द्यायचं, अर्ध्या तासात पोचवायचं, गार होऊ द्यायचं नाही, हे त्यानेच मला समजावलं.

मी दवाखान्यात गेलो. त्यांनी मला बाथरूममध्ये धाडलं. एक तास मी आत होतो. काही झालं नाही. लोक दार वाजवत होते. मी रिकामी बाटली खिशात घालून बाहेर आलो. कंपाउंडरला सांगितलं, उद्या घरून आणतो.

दुसऱ्या दिवशी ती बाटली अच्युतने भरून दिली. कल्पना कोणाची, यावर आम्ही दोघं आजही भांडू. तो म्हणाला, "एवढं काय, रक्त देतात तसं समज." मी ती काखेत धरून सायकलवरून नेली. रिपोर्ट आला. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "तुमच्यात काही दोष नाही. एकदम उत्तम."

त्यानंतर चार वर्षं शोभाची तपासणी चालली. इंजेक्शनं झाली. पिशवी साफ करायला दोनदा टेबलावर घेतलं. शुक्रवार झाले, सोमवार झाले, कोणी सांगेल तो उपास झाला. कॉलनीत कोणाचं डोहाळजेवण असलं की हिचा हात ओटीच्या ताटाला लागायच्या आत कोणीतरी म्हणायचं, "शोभाताई, तुम्ही भात बघता का जरा?" ती जाऊन भात बघायची. मी हे सगळं बघत होतो. मला माहीत होतं. नव्वद साली आम्ही नागपूरच्या आश्रमातून जुईला आणलं तेव्हा लोक मला म्हणाले, "दिगंबर, मोठ्या मनाचा माणूस आहेस. दुसऱ्याने दुसरी केली असती." मी मान खाली घालून ते ऐकून घेतलं.

हा मी.

आणि जुई पहिलीत गेली तेव्हा शोभाने आम्हा दोघांना एका पाटीवर बसवलं. मी चव्वेचाळीस वर्षांचा. माझ्या मुठीवर तिने मूठ ठेवली आणि 'द' काढायला शिकवला. पाच वर्षांपासून तिला सगळं माहीत होतं, आणि तरी तिने माझी मूठ धरून मला माझं नाव लिहायला शिकवलं. हा हिशेब मला बुधवारी लागला, घरात एकट्याने चहा करताना. चहा उतू गेला. मी पातेलं सिंकमध्ये आपटलं.

त्याच रागात मी टेबलावर बसलो आणि अच्युतच्या कागदावर सही केली. तिने शिकवलेल्या अक्षरांत, पूर्ण नाव. कागद खिशात ठेवला.

गुरुवारी जुईचा फोन आला.

"बाबा, जेवलात?"

"जेवलो. नाव काढलंस हो बापाचं."

"नाव नाही काढलं, बाबा. म्हणूनच तर भाऊराव ठेवलं."

"लोकांना काय, कळत नाही?"

"कोणाला कळणार? अच्युतकाकांना. ते बोलायचे नाहीत. सीरियसली बाबा, तुम्ही ट्रेलर बघून भडकताय. पिक्चर बघा ना."

"त्या ट्रेलरमध्ये पोलीस बाटलीचा वास घेतो."

"हो, तो सीन बेस्ट आहे. इंदूरमध्ये लोक खुर्चीवरून पडले."

"हसण्यासारखं आहे ते?"

"हसण्यासारखं नाहीये म्हणूनच हसवलं. रडका पिक्चर केला असता तर एकही बंदा आला नसता बघायला. बायका येऊन रडून गेल्या असत्या. बाबा, मला पुरुष पाहिजे होते खुर्च्यांवर. ते घाण जोकलाच येतात, क्या करूँ?"

"आईला दे."

"आई म्हणते, रविवारी."

मी फोन ठेवला.

रविवारी मी इस्त्रीचा शर्ट घातला, कागद वरच्या खिशात ठेवला आणि अरेरा कॉलनीतल्या मंडळाच्या हॉलवर गेलो. अच्युत दारातच उभा होता. "आणलास?" मी खिशावर हात ठेवला. "दे." "बघू दे आधी," मी म्हणालो. "बघायचंय काय त्यात? आपणच केलंय ते!" तो दातांतून बोलला आणि मग आजूबाजूला बघून गप्प झाला. "बरं. मध्येच उठू आपण. मी उठलो की तूही उठ, कागद वाच."

हॉल गच्च भरला होता. सह्या करणारे बाराही आले होते, सगळ्यांत पुढे. शोभा तिसऱ्या रांगेत, कडेच्या खुर्चीवर. तिने माझ्याकडे बघितलं नाही. जुई मागे हर्षलबरोबर मशीनशी खटपट करत होती. हर्षल म्हणजे मंडळाचा चिटणीस. मी पाचव्या रांगेत बसलो, अच्युत माझ्या बाजूला.

सिनेमा सुरू झाला आणि पहिल्या दहा मिनिटांत माझे कान तापले. कारखान्याच्या गेटवर चहा पीत चार पुरुष बसलेत आणि आपापल्या रात्रींच्या फुशारक्या मारताहेत. एक म्हणतो, "अपना तो पलंग तीसरा चल रहा है." दुसरा म्हणतो, "बढ़ई से दोस्ती है क्या?" माझ्या पुढच्या रांगेतल्या प्रतिभावहिनी, सत्तरी ओलांडलेल्या, ज्यांच्याकडे मी कधी मान वर करून बोललो नाही, त्या पदर तोंडात कोंबून हसत होत्या. मला त्यांचाही राग आला.

मग करोंदचा सीन. धान्यमंडीच्या मागे एका हकिमाचा तंबू. रांगेत पुरुष, सगळ्यांची तोंडं गमछ्याने बांधलेली, फक्त डोळे दिसतात. भाऊराव रांगेत लागतो. पुढच्या माणसाच्या चपला बघतो. ओळखीच्या वाटतात. तो त्याचा फोरमन असतो. फोरमनच्या पुढे शेजारी. शेजाऱ्याच्या पुढे सासरा. कोणी कोणाला ओळख देत नाही. हकीम प्रत्येकाला तेच सांगतो, "दो चम्मच सुबह-शाम, और तीसरे हफ्ते पड़ोसियों से माफी माँग लेना." हॉल फुटला हसण्याने. अच्युतसुद्धा हसला, आणि मग खोकल्यासारखं केलं.

त्या तंबूत मी गेलो होतो. माझ्या पुढे खरंच फोरमन होता. घरी येऊन मी शोभाला सांगितलं होतं, सहज जाता-जाता दिसला म्हणून. तिने ते लक्षात ठेवलं होतं.

मी मुठी आवळून बसलो होतो. मला त्या हसणाऱ्या प्रत्येकाला कॉलर धरून विचारायचं होतं, तू त्या रांगेत उभा नव्हतास? तू? आणि तू?

मग दवाखान्याचा सीन आला. भाऊराव बाथरूममध्ये जातो. बाहेर लोक दार वाजवतात. एक म्हातारी ओरडते, "अरे बेटा, अंदर बस गए क्या?" लोक हसतात. आत भाऊराव बाटली हातात घेऊन पालथ्या बादलीवर बसलेला आहे. नळ ठिबकतो. तो काही करत नाही. नुसता बाटलीकडे बघतो. मग बाटलीला हळू आवाजात सांगतो, "मेरे बाप ने मुझे एक ही चीज सिखाई. रोना मत. बाकी कुछ सिखाया ही नहीं." बाहेर दार वाजतं. तो तोंडात शर्टाची बाही धरतो आणि रडतो. आवाज येऊ नये म्हणून.

हॉलमधलं हसणं बसलं. एखाददुसरा उगाच हसला आणि थांबला.

त्या दिवशी माझी बाही मी तशीच तोंडात धरली होती. डाव्या हाताची. हे मी कोणालाही सांगितलेलं नाही. अच्युतला नाही, शोभाला नाही. सुचेताला माहीत असण्याचा प्रश्न नाही. हे जुईला कोणी सांगितलं नव्हतं. तिने ते नुसतं माझ्याकडे बघून ओळखलं होतं. चौतीस वर्षं माझ्याकडे बघून.

अच्युतने कोपराने ढोसलं. "चल. ऊठ."

"बस खाली," मी म्हणालो.

"दिग्या."

"बस म्हणतो ना!" दोन रांगा मागे वळल्या. तो बसला.

शेवटी डोहाळजेवण. बायकांनी भरलेली खोली. भाऊरावच्या बायकोला कोणीतरी भात बघायला पाठवतं. ती उठते. एवढ्यात भाऊराव आत घुसतो, बायका पदर सावरतात, आरडाओरडा. तो ओटीचं ताट उचलतो आणि आपल्या बायकोसमोर बसतो. पुरुषाने कधी ओटी भरलेली नसते. तांदूळ सांडतात, खणाची घडी मोडते, नारळ उलटा ठेवतो. एक म्हातारी ओरडते, "अहो शेंडी वर!" आणि तो नारळ फिरवत म्हणतो, "दोष माझा आहे. रिपोर्ट माझा नव्हता." मग तोंड बांधलेला सासरा दारातून डोकं घालून विचारतो, "जावईबापू, उरलेलं औषध ठेवलंय ना?" आणि सगळे एकदम हसतात, पडद्यावरचे आणि हॉलमधले. माझ्यापुढे प्रतिभावहिनी चष्मा पुसत होत्या.

दोन मिनिटं लागली भाऊरावला. दोन मिनिटं. मला तो माणूस आवडला नाही. मला त्याचा संताप आला. दोन मिनिटांत सांगून मोकळा झाला आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या.

दिवे लागले. जुई पुढे येऊन उभी राहिली, हात मागे बांधून, लहानपणी चूक झाली की उभी राहायची तशी. हर्षलने विचारलं, "कोणाला काही बोलायचंय?"

अच्युत उठला. अध्यक्ष म्हणून त्याच्या हातात माइक आलाच. "कलेला आमचा विरोध नाही," तो म्हणाला. "पण मराठी समाजात असे पुरुष नसतात. बायकोवर असा अन्याय करणारे, दुसऱ्याची... म्हणजे, असली लबाडी करणारे. आपण सुसंस्कृत माणसं. आमच्याकडे एक निवेदन आहे, त्यावर खुद्द मुलीच्या वडिलांनी सही केली आहे. दिगंबर, वाचून दाखव."

सगळे माझ्याकडे वळले. शोभाही वळली. चार दिवसांत पहिल्यांदा तिने माझ्याकडे बघितलं, आणि तिच्या तोंडावर काहीही नव्हतं. ती नुसती थांबली होती.

मी उठलो. कागद काढला. त्यावर माझी सही होती, ती तिला तिथूनही दिसली असणार. मी माइक घेतला. माझा आवाज वाजवीपेक्षा मोठा निघाला. मला चार माणसांत तसंही नीट बोलता येत नाही, ओरडूनच निघतं.

"या सिनेमात चुका आहेत," मी म्हणालो.

अच्युतने मान हलवली.

"स्कूटर नव्हती. सायकल होती. मागे दोस्त बसला नव्हता, तो ड्युटीवर गेला होता, बाटली देऊन. बाटली उजव्या काखेत नव्हती. डाव्या काखेत होती. पोलीस नव्हता. कोणी हसलं नाही. मी एकटा होतो."

पुढच्या रांगेतला एक सहीवाला "अरे, हा काय बोलतोय?" असं म्हणाला आणि त्याच्या बायकोने त्याच्या मांडीवर थाप मारली.

"बाटली कोणाची, ते मी सांगणार नाही. त्याला वाटलं तर तो सांगेल." अच्युत माझ्या शेजारी उभाच होता. त्याला बसायचं सुचलं नाही. "आणि एक मोठी चूक आहे. सिनेमातला भाऊराव रिपोर्ट घेऊन बाहेर येतो आणि गटारापाशी बसून ओकतो. मी ओकलो नाही. मी पेढे वाटले. शेडमध्ये, प्रत्येकाला. म्हणालो, घ्या, आमचा रिपोर्ट फर्स्ट क्लास आहे. त्या दिवसापासून मला कोणी काही बोललं नाही. त्या दिवसापासून सगळे हिला बोलले."

मी शोभाकडे बोट केलं. मग बोट दाखवणं बरोबर नाही असं वाटलं आणि हात खाली घेतला.

"तुम्ही म्हणालात तिला, भात बघ. तुमच्या आया म्हणाल्या. तुम्ही चहा पीत बसलात बाहेर, मीही बसलो. आणि आता हा म्हणतो असे पुरुष नसतात. मी कोण आहे मग? ते बारा सहीवाले कोण आहेत? मी करोंदला रांगेत उभा होतो, माझ्या पुढे आठ होते. तोंडं बांधलेली होती. चपला मी सगळ्यांच्या ओळखल्या."

कागद मी चुरगाळून खिशात कोंबला. माइक हर्षलला दिला. टाळ्या पडल्या नाहीत. बरं झालं. पडल्या असत्या तर मी कोणाला तरी मारलं असतं.

जुई माझ्यापर्यंत आली. "बाबा," म्हणाली. "पेढ्यांचं माहीत नव्हतं."

"माहीत असतं तर घातलं असतंस?"

तिने विचार केला. "नाही," म्हणाली. "मग भाऊराव कोणालाच आवडला नसता."

"बरोबर आहे," मी म्हणालो.

शोभा तोवर बाहेर पोचली होती. पायऱ्यांखाली ऑटो थांबवून, पिशवी मांडीवर घेऊन आत बसली होती. ठरलं होतं तसं. मी शेवटपर्यंत बसलो होतो, म्हणून ती येत होती. मी शेजारी बसलो. ऑटोवाल्याने विचारलं, "किधर?" "सोनागिरी," ती म्हणाली.

ऑटो निघाली. ती बाहेर बघतच म्हणाली, "घरीसुद्धा आणले होतेत तुम्ही पेढे. चार. खोक्यात."

"हो."

"मला म्हणालात, ओव्हरटाइम मंजूर झाला."

"हो."

"मी ते देवापुढे ठेवले होते."

मी ऑटोची दांडी धरली.

"नमस्कार केला होता मी," ती म्हणाली, आणि तिचा आवाज फाटला. लग्न झाल्यापासून मी तिचा तो आवाज ऐकला नव्हता. ती माझ्याकडे वळली. तोंड लाल झालं होतं. "आता घरी जायचं. तुम्ही खुर्चीवर बसायचं. मी शहाऐंशीपासून सुरू करणार. मध्ये पंखा वाढव म्हणायचं नाही, चहा कर म्हणायचं नाही, चूक झाली म्हणायचं नाही. मला तुमची माफी नकोय अजून. आधी मला बोलायचंय."

"बरं," मी म्हणालो.

"बरंसुद्धा म्हणू नका!"

ऑटोवाल्याने आरशातून मागे बघितलं आणि घाईने नजर रस्त्यावर नेली. घर यायला अजून वीस मिनिटं होती. तिला तेवढंही थांबवेना. चेतक पुलाच्या सिग्नलला ऑटो उभी राहिली, आणि तिने सुरुवात केली.